वाघ तुमचा, वाट कुणाची?

माझ्या घरात एक पुस्तक आहे. पनवेलच्या रद्दीवाल्याकडून वीस रुपयांत घेतलं. किल्ल्यांवरच्या भटकंतीचं, पोरांसाठी लिहिलेलं. त्यात कर्नाळ्यावर सहा पानं आहेत. लेखकाचं नाव आहे, त्याच्या चार मित्रांची नावं आहेत, एकानं बरोबर आणलेल्या कुत्र्याचंही नाव आहे. आणि पायथ्याच्या वस्तीतला एक पोरगा वाट दाखवायला सोबत होता, असंही एका ओळीत आहे.

तो पोरगा म्हणजे मी.

तेव्हा मी सातवीत होतो. रविवारी हायवेच्या कडेला उभं राहायचं, मुंबईचे ट्रेकवाले आले की पुढं व्हायचं, पन्नास रुपये ठरवायचे. त्या दिवशी एकाच्या सॅकचा पट्टा तुटला. ती सॅक मी डोक्यावर घेऊन सुळक्यापर्यंत गेलो. पट्टा तुटल्याचं पुस्तकात आहे. सॅक वर कशी पोचली ते नाही. तेवढ्यावरून मला कळलं की हे आपलंच.

माणसं वाईट नव्हती, हे आधीच सांगतो. त्यांनी मला बिस्कीटं दिली. माझ्या हातची बाटली तोंडाला लावली. नाव विचारलं, आडनाव विचारलं, शाळा विचारली. सगळं विचारलं आणि लिहायला बसल्यावर सगळं विसरले. कुत्र्याचं तेवढं लक्षात राहिलं. वाईट माणसांशी भांडणं सोपं असतं. चांगल्या माणसांच्या विसरण्याशी कसं भांडायचं, ते आपल्याला अजून शिकायचंय. म्हणून हे लिहितोय.

मी तळोज्याला रोलिंग मिलमध्ये आहे. बारा तास लाल सळईसमोर. शिकलो ते रद्दीतून. फास्टर फेणे रद्दीत वाचला, मोगली रद्दीत वाचला, शिकारकथा रद्दीत वाचल्या. मला ती पुस्तकं आवडली, खोटं कशाला बोलू? रात्रपाळी करून आल्यावर झोप सोडून वाचली. पण वाचता वाचता एक गोष्ट खुपायला लागली. पोरांचं पुस्तक घ्या, इतिहासाचं घ्या, साहसाचं घ्या. तिन्हीत वाघ आहे आणि वाट आहे. वाघाला नाव आहे. वाटेला नाव आहे. वाट पाडणारा मात्र कुणी एक पोरगा, कुणी एक कातकरी, कुणी एक गडी.

आमच्या कर्नाळ्याचंच बघा. गोरे आले, त्यांना सुळका नरसाळ्यासारखा दिसला, त्यांनी 'फनेल हिल' नाव ठेवलं. पुस्तकवाल्यांना तो अंगठ्यासारखा दिसतो. अभयारण्य 1968 साली झालं, पक्ष्यांसाठी. आत फिरायला वाटा आखल्या, एक हरियाल वाट, एक मोरटाका वाट. पक्ष्यांची नावं दिली, चांगलं केलं. पक्षी ह्या वाटेनं चालत नाहीत, तरी दिली. ज्यांच्या पायांनी त्या डोंगरात वाटा पडल्या त्या ठाकर-कातकऱ्यांचं, मोळीवाल्या बायांचं नाव कुठल्या वाटेला आहे? आणि तो अंगठा? एकलव्याची गोष्ट लहानपणापासून ऐकलेल्या लोकांना डोंगरात अंगठा दिसतो आणि हा कुणाचा कापला असेल, असा प्रश्न एकाच्याही पुस्तकात पडत नाही!

वाट ही काय चीज आहे, ते आपल्या आज्यांना विचारा. महाराची वतनदारी म्हणजे पायांची वतनदारी होती. सरकारी माणूस आला की त्याच्या पुढं पळायचं, त्याचं ओझं उचलायचं, पुढच्या गावच्या शिवेपर्यंत पोचवायचं. गावात कुणी मेलं की मैताचा सांगावा घेऊन रात्री-बेरात्री जायचं. शिवेचा तंटा झाला की महारानं सांगायचं, शीव कुठून जाते. म्हणजे सगळ्या मुलखाचा नकाशा त्याच्या पायात होता आणि सातबाऱ्यावर तो कुठंच नव्हता. दिवसाचे चोवीस तास राबवून घ्यायचा हा हक्क 1874 च्या वतन कायद्यानं पक्का करून ठेवला होता. तो मोडायला बाबासाहेबांनी 1928 साली मुंबई कौन्सिलात बिल आणलं. वतनं गेली ती 1958 च्या कायद्यानं. तीस वर्षं गेली मध्ये. साहसकथा लिहिणाऱ्यांनो, रोज रात्री जंगल तुडवणारा हा माणूस तुम्हाला साहसी वाटला नाही. कारण तो हौसेनं जात नव्हता.

माझी आजी सांगायची, तिचा सासरा घुंगराची काठी घेऊन रानातून सांगावा न्यायचा. मी विचारलं, "आजी, वाघ नाय यायचा?" तर म्हणायची, "यायचा ना रं. काठी वाजली का वाघ बाजूला व्हायचा. गाव लागला का मग आपल्यालाच बाजूला व्हायला लागायचा."

दोस्तहो, शंभर शिकारकथा ह्या एका वाक्यावरून ओवाळून टाकीन मी.

आता शिकारकथांचंच घेऊ. फोटो सगळ्यांनी पाहिलाय. वाघ आडवा, त्याच्यावर बूट, बूटवाल्याच्या हातात बंदूक. मागं धोतर-लंगोटीतल्या माणसांची रांग, निम्म्यांचे चेहरे हललेले. ते हाकेवाले. साहेब किंवा राजा माचाणावर बसायचा, हे लोक पायी रानात शिरायचे. हातात डबा नाहीतर ढोल, वाजवत वाजवत वाघाला बंदुकीसमोर आणायचं. वाघ उलटला तर पहिला हाकेवाला. गोळी चुकून वाघ जखमी झाला तरी पहिला हाकेवालाच. मजुरी कधी मिळायची, कधी नाही. वेठच ती. सगळ्यात जास्त धोका त्याचा, पुस्तकात सगळ्यात कमी जागा त्याला.

मोगली घ्या. 1894 चं पुस्तक, सिवनीच्या जंगलातलं. तो मुलूख गोंडांचा. लेखक मुंबईत जन्मलेला गोरा. त्याला वाघाचं नाव सुचतं, अस्वलाचं सुचतं, अजगराचं सुचतं. गोंड मात्र कोपऱ्यात. बरं, त्या मोगलीचं मोठेपणी काय होतं ठाऊक आहे का? त्याच लेखकाच्या दुसऱ्या एका गोष्टीत तो जंगल खात्यात नोकरीला लागतो. म्हणजे जंगल ज्याच्या अंगात, त्याला सरकारची चाकरी. ही गोष्ट पोरांच्या पुस्तकात सहसा छापत नाहीत.

पण खरं तेही सांगायला पाहिजे. जिम कॉर्बेट हा नरभक्षक वाघांचा शिकारी, 'मॅन-ईटर्स ऑफ कुमाऊँ' हे त्याचं 1944 चं पुस्तक जगभर गेलं. त्यानंच 1952 साली 'माय इंडिया' लिहिलं. त्यात मोकामाघाटला माल चढवणाऱ्या-उतरवणाऱ्या एका अस्पृश्य मजुरावर, पुढं मजुरांचा मुकादम झालेल्या माणसावर, अख्खं प्रकरण आहे. नावानिशी आहे आणि मायेनं लिहिलंय. एका गोऱ्या शिकाऱ्याला जे जमलं ते आमच्या सह्याद्रीप्रेमींना का जमू नये? फक्त त्या माणसाचं नाव काय, तेही ऐका. चमारी. जातीचंच नाव. कॉर्बेटनं नाव लिहिलं, पण त्या माणसाला जगानं जातीपलीकडं दुसरं नावच ठेवलेलं नव्हतं.

हे जुनं झालं म्हणाल तर यवतमाळला चला. 2018 च्या 2 नोव्हेंबरला टी-वन वाघीण गोळी घालून मारली. तिला नाव दिलं होतं, अवनी. मोर्चे निघाले, कोर्टकचेऱ्या झाल्या, शहरातली माणसं रडली. मला त्या रडण्याचा राग नाही. वाघीण मेली, तिचे बछडे पोरके झाले, वाईटच झालं. वाघ वाचलाच पाहिजे, मी वाघाच्या विरोधात नाही. पण तिच्यावर तेरा माणसांच्या मरणाचा ठपका होता. शेतावर, गुरांमागं गेलेली माणसं. त्यांतलं एक नाव सांगा. एक. मलाही येत नाही. वाघिणीला नाव आणि माणसांचा आकडा, हे जे डोकं आहे ना, ते त्या दिवशी तयार झालेलं नाही. ते लहानपणी गोष्टीच्या पुस्तकातून तयार होतं.

आणि ठाकरांच्या, वारल्यांच्या वाड्यांवर वाघोबा आहे. वाघबारशीला त्याला नैवेद्य दाखवतात. आमच्या गुरांना, पोरांना सांभाळ म्हणतात. त्यांच्या गोष्टीत वाघ शेजारी आहे, कधी भांडणारा, कधी ऐकणारा. पोरांच्या पुस्तकात वाघ एकतर मारायचा, नाहीतर फोटो काढायचा. शेजाऱ्याची गोष्ट लिहायला आधी तिथं राहावं लागतं.

आता इतिहास. कर्नाळा किल्ल्याचा इतिहास आम्हाला सालांनी पाठ. 1657 ला शिवाजी महाराजांनी घेतला, 1665 ला पुरंदरच्या तहात गेला, 1670 ला परत घेतला, 1818 ला इंग्रजांनी घेतला. घेतला, दिला, घेतला. तोफा वर कुणी चढवल्या, टाकी कुणी खोदली, तट कुणी बांधला, ह्याला साल नाही. पायथ्याला शिरढोण. वासुदेव बळवंतांचा जन्म तिथला, 4 नोव्हेंबर 1845. त्यांचे आजोबा ह्याच किल्ल्याचे किल्लेदार. 1879 साली त्यांनी बंड केलं, रामोशी-कोळी-भिल्ल-धनगरांना घेऊन. एडनच्या तुरुंगात 1883 साली गेले. माणूस मोठा, मी मान खाली घालतो. पण शाळेनं आम्हाला एकाच माणसाचं बंड शिकवलं. ज्यांच्या पायांवर ते बंड डोंगरातून चाललं ते सगळे मिळून 'इत्यादी'. आणि वासुदेव बळवंतांना पुण्यात तालमीत घडवणारे लहुजी वस्ताद साळवे, ते मला शाळेत भेटलेच नाहीत. जयंतीच्या एका भाषणात भेटले. मातंग वस्त्यांत सांगतात, लहुजींच्या बापानं, राघोजींनी, वाघाशी झुंज दिली होती. वाघ पाहिजे ना तुम्हाला पोरांच्या पुस्तकात? हा घ्या. इतकी वर्षं कुणाच्या पुस्तकात शिरला नाही तो?

आणि आता खरी साहसकथा सांगतो. एका दमात वाचा.

साल 1901. साताऱ्याहून चार पोरं आगगाडीनं निघाली. धाकटी-थोरली, बरोबर मोठं माणूस नाही. वडील लांब गोरेगावला नोकरीत, त्यांच्याकडं सुट्टीला. नवे कपडे, जरीच्या टोप्या. मसूर स्टेशनवर उतरली. न्यायला कुणी आलं नाही, चिठ्ठीच पोचली नव्हती. स्टेशनमास्तरनं आपुलकीनं विचारलं, कोण तुम्ही? एक पोरगं बोलून गेलं, महार. मास्तरचा चेहरा बदलला. बैलगाडीवाले खूप, एकही तयार नाही. शेवटी दुप्पट भाडं ठरलं आणि वर अशी अट, की गाडी पोरांनीच हाकायची, गाडीवाला बाजूनं पायी चालणार. अंधार पडला. जवळ डब्यात भाकरी, प्यायला पाणी नाही. वाटेत पाणी दिसलं ते शेणामुताचं. मध्यरात्री जकात नाक्यावर पोचली. नऊ-दहा वर्षांचं एक पोरगं पुढं झालं, मुसलमान असल्याचं सांगून उर्दूत पाणी मागितलं. तरी मिळालं नाही. भरल्या डब्याशेजारी पोरं उपाशी झोपली.

ते पोरगं म्हणजे भीमराव रामजी आंबेडकर.

रात्र आहे, वाट आहे, परका मुलूख आहे, पोरं एकटी आहेत, धोका आहे, धिटाई आहे, युक्ती आहे. साहसकथेला आणखी काय लागतं? वाघ लागतो? वाघ तर स्टेशनपासूनच मागं लागला होता. चार पायांचा नव्हता एवढंच.

दुसरी घ्या, किल्ल्याची. 1934. बाबासाहेब तीसेक कार्यकर्त्यांबरोबर दौलताबादचा किल्ला बघायला गेले. म्हणजे बाबासाहेबसुद्धा दुर्गभ्रमंतीला गेले होते! धुळीनं भरलेले हातपाय दरवाजाजवळच्या हौदावर धुतले, तर हौद बाटवला म्हणून गर्दी जमली, मारामारीची वेळ आली. ओरडणारे मुसलमान होते, म्हणजे जात कुणाकुणाच्या पाण्यात उतरली होती ते बघा. शेवटी किल्ला दाखवला तो एक हत्यारी शिपाई बरोबर देऊन. वाट दाखवायला नाही, ह्यांनी कुठं पाण्याला हात लावू नये म्हणून. कर्नाळ्याला सुळक्याच्या पोटात खडकातली टाकी आहेत. मी तिथं ट्रेकवाल्यांना पाणी दाखवायचो. थंड आहे, म्हणायचे, वा. मला तेव्हा दौलताबाद ठाऊक नव्हतं. आता त्या टाक्यांजवळ गेलो की घसा कोरडा पडतो.

ह्या दोन्ही गोष्टी बाबासाहेबांनी स्वतः लिहून ठेवल्यात, 'वेटिंग फॉर अ व्हिसा'मध्ये. त्यांच्यामागं 1990 साली छापून आल्या. परदेशातल्या विद्यापीठात शिकवतात. 2011 साली 'भीमायन' ह्या चित्रकथेत दुर्गाबाई व्याम आणि सुभाष व्याम ह्या परधान गोंड कलाकारांनी ही कथा चितारली. सिवनीच्या जंगलात ज्यांना कोपरा मिळाला त्यांच्याच भावकीतल्या हातांनी आमच्या बापाची तहान काढली. मराठीत पोरांच्या साहसाच्या पुस्तकांचं जे कपाट आहे, त्यात मला हा मसूरचा प्रवास अजून दिसलेला नाही.

इथपर्यंत वाचून टाळ्या वाजवल्या असतील तर थांबा. आता आपली पाळी.

आपण काय केलं? आपण वाघ उचलला. बॅनरवर वाघ, टी-शर्टावर वाघ, जयंतीच्या गाडीवर वाघाचं तोंड. शिक्षण म्हणजे वाघिणीचं दूध, हे आपल्या प्रत्येक भिंतीवर. त्याआधी इंग्रजीला वाघिणीचं दूध विष्णुशास्त्री चिपळूणकर म्हणाले होते, ज्यांनी निबंधमालेतून जोतीरावांची टवाळी केली. त्यांना ते दूध आपल्या घरच्यांसाठी हवं होतं, आपण ते सगळ्यांसाठी मागितलं. त्यामुळं शब्द आपला झाला, हरकत नाही. पण दूध पिऊन नुसतं गुरगुरायचं? गुरगुरायला अक्षर लागत नाही. 1972 साली पँथर उभी राहिली ती चित्रातल्या प्राण्याच्या जोरावर नाही. बावड्यात काय झालं, ब्राह्मणगावात विहिरीवर आपल्या बायांचं काय केलं, हे गावाच्या नावानिशी चव्हाट्यावर मांडलं म्हणून प्रस्थापित हादरले. पँथरची ताकद त्या नावांमध्ये होती. आपण नखं ठेवली आणि नावं विसरलो.

आणि मी? माझंही ऐका. ह्याच अनियतकालिकात माझी पहिली कविता आली, कर्नाळ्यावर. सुळक्यावर आग्यामोहोळं असतात, तिथं मध काढायला जाणाऱ्या माणसावर. तुम्ही वाहवा केलीत. त्या कवितेत मी काय लिहिलं होतं? एक कातकरी.

रद्दीतलं पुस्तक हातात आलं त्या रात्री मला माझीच ओळ आठवली. चडफडलो. ज्यानं मला लहानपणी सुळक्याची वाट दाखवली, मोहोळ उठलं तर कसं निपचित पडायचं ते शिकवलं, ज्याला मी काका म्हणतो, त्याला मी तेच केलं जे मला कुत्रेवाल्यांनी केलं. आणि वर दलित कवी म्हणून मिरवलो.

सुट्टी बघून वाडीवर गेलो. काका वीटभट्टीवरून नुकता परतला होता. पुस्तक दाखवलं, कविता दाखवली, म्हटलं, "काका, आता मी लेख लिहितोय. तुझं पूर्ण नाव छापणार."

काका बराच वेळ बोलला नाही. मग म्हणाला, "नको छापू."

"का?"

"नाव छापलास ना, का मध काढणारा कोन ते कळंल. जंगलात हात लावायची बंदी हाय. माजा नाव दोनच जागी असतंय रं पोरा. भट्टीवाल्याच्या उचलीच्या वहीत, नायतर केसमधी. तिसऱ्या जागी आजून कदी पाह्यला नाय. भ्या वाटतंय."

मी गप्प. माझ्याकडं उत्तर नव्हतं. ट्रेकवाल्याला नाव छापून आलं की मान मिळतो, काकाला नाव छापून आलं की जाच लागेल ह्याची भीती. कागदावर नाव येणं ही गोष्ट दोघांसाठी एक नाही. नाव घेतलं की न्याय झाला, एवढं सोपं मला वाटलं होतं. आधी त्या नावाला निर्भयपणे कागदावर बसायला जागा करावी लागते. 2006 चा वनहक्क कायदा आहे, वाडीखालच्या जमिनीचे प्रश्न आहेत, उचलीचं कर्ज आहे. ज्या जमातीला सरकार स्वतःच अतिअसुरक्षित म्हणतं, तिची ही गत. कविता ह्या सगळ्याच्या नंतर येते. निदान बरोबर तरी यावी.

म्हणून काकाचं नाव इथं नाही. विसरलो म्हणून नाही, त्यानं नको म्हटलं म्हणून. हा फरक वाचणाऱ्यानं लक्षात ठेवावा.

निघताना काकाची पोरगी मागं आली. आश्रमशाळेत आठवीत आहे. म्हणाली, "दादा, ते पुस्तक मला देता?" दिलं. आठ दिवसांनी परत आणून दिलं. ज्या पानावर मी 'एक पोरगा' आहे, तिथं तिनं पेन्सिलीनं माझं नाव लिहिलंय. आडनावासकट. शुद्धलेखनाच्या दोन चुका आहेत. मी त्या सुधारणार नाही.

कार्यकर्त्यांनो, आता काम सांगतो. भाषण नको.

आपापल्या वस्तीत आजी-आजे जिवंत आहेत तोवर त्यांच्या वाटा लिहून घ्या. कुठून कुठं सांगावा न्यायचे, कुठल्या विहिरीला वळसा घालायचे, कुठल्या रस्त्यानं महाडला गेले. कर्नाळ्याखालून जो हायवे जातो तोच पुढं महाडला जातो. 20 मार्च 1927 च्या त्या पाण्यापर्यंत जाणारी वाट आपल्या पोरांना ठाऊक पाहिजे. जयंतीच्या वर्गणीतून एक डीजे कमी करा आणि मसूरची ती रात्र पोरांसाठी चित्रांसकट छापा. सायक्लोस्टाईल चालेल. वाडीवर जाल तेव्हा ठाकर-कातकऱ्यांची गोष्ट आपण लिहायला बसू नका. वही द्या, पेन द्या, कायद्याचा अर्ज भरायला मदत करा आणि मग गप्प बसून ऐका. आपल्याला दुसऱ्यांनी लिहिलं तेव्हा काय झालं ते आपण भोगलंय.

आणि साहसकथा लिहिणाऱ्यांनो, तुम्हालाही एकच विनंती. कर्नाळ्याला या, जरूर या. वाट दाखवायला पुढं जो चालतो त्याला नाव विचारा आणि छापू का म्हणूनही विचारा. तो हो म्हणाला तर कुत्र्याच्या आधी छापा.

वाघ तुमच्याकडंच ठेवा. वाटेचा हिशेब आम्ही मांडायला घेतलाय.

जय भीम.